रेड बेरेन्सन: बर्फावरचा खेळाडू ते मिशिगनचे कोच (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

मी अमेरिकेत, मिशिगन विद्यापीठाच्या गावी अ‍ॅन आर्बरला राहतो आणि हिवाळ्यात कॉलेज हॉकीवर मराठीत लिहितो. त्यामुळे प्रश्न सतत येत असतात. कधी डेट्रॉईट परिसरातल्या मराठी आईवडिलांचे, कधी पुण्या-नाशिकच्या नातेवाइकांचे, कधी इथे एमएस करायला आलेल्या मुलामुलींचे. त्यातले निम्मे प्रश्न फिरून फिरून एकाच माणसापाशी येतात. म्हणून सगळी उत्तरं एकदाची इथे लिहून ठेवतो आहे.

तरुण बेरेन्सनला मी खाली 'तो' म्हटलं आहे आणि प्रशिक्षक झाल्यावर 'ते'. आपल्याकडे माणूस 'सर' झाला की त्याला अहो-जाहो आपसूक होतंच.

१. रेड बेरेन्सन म्हणजे नक्की कोण? दोन मिनिटांत सांगा.

कॅनडाच्या सास्काचेवान प्रांतातलं रिजायना हे त्यांचं जन्मगाव, जन्म ८ डिसेंबर १९३९ चा. मिशिगन विद्यापीठातून शिकता शिकता हॉकी खेळले, मग १७ हंगाम एनएचएल या व्यावसायिक लीगमध्ये. तिथेच सेंट लुईस ब्लूज संघाचे मुख्य प्रशिक्षक झाले. १९८४ मध्ये आपल्याच विद्यापीठात प्रशिक्षक म्हणून परतले आणि २०१७ पर्यंत तिथेच राहिले. ३३ हंगाम, ८४८ विजय, दोन राष्ट्रीय अजिंक्यपदं. इथल्या जुन्या लोकांना पूर्ण नाव घ्यावंच लागत नाही, नुसतं 'रेड' म्हटलं की पुरतं.

२. हॉकी म्हणजे आपल्या धनराज पिल्लेची हॉकी ना?

नाही. खडकीच्या धनराजने गाजवली ती मैदानी हॉकी: अकरा खेळाडू, चेंडू, आता कृत्रिम गवत. इथे नुसतं 'हॉकी' म्हटलं की बर्फावरचीच समजायची. एका बाजूचे सहाजण बर्फावर असतात, पाच स्केटर आणि एक गोलकीपर. चेंडूऐवजी कडक रबराची काळी चकती असते, तिला पक म्हणतात. वीस-वीस मिनिटांचे तीन पिरियड. खेळाडू दर पाऊण मिनिटाला बदलत राहतात, कारण तेवढ्यातच दम निघतो. रिंकच्या कडेला लाकडी-फायबरच्या भिंती असतात, त्यामुळे पक सहसा बाहेर जात नाही आणि खेळ थांबत नाही.

३. 'रेड' हे खरं नाव आहे का?

खरं नाव गॉर्डन आर्थर बेरेन्सन. केस तांबडे म्हणून 'रेड'. सेंट लुईसमध्ये चाहत्यांनी पुढे 'रेड बॅरन' केलं.

४. कॅनडातला एवढा चांगला खेळाडू अमेरिकेच्या कॉलेजात गेलाच कशाला?

हा प्रश्न त्या वेळी कॅनडातही सगळ्यांना पडला होता. १९५० च्या दशकात कॅनडातल्या हुशार खेळाडूची वाट ठरलेली असायची: ज्युनियर संघ, मग व्यावसायिक क्लबची खालची फळी, मग जमलं तर एनएचएल. तेव्हा एनएचएलमध्ये संघच मुळी सहा होते. शाळा वाटेत कुठेतरी सुटायची. अमेरिकेच्या कॉलेजात गेलेला मुलगा हॉकीला मुकला, असंच समजलं जायचं. बेरेन्सन रिजायना पॅट्स या ज्युनियर संघात होता आणि त्याच्यावर माँट्रियल कॅनेडियन्स या त्या काळच्या बलाढ्य क्लबचा हक्क होता. १९५९ मध्ये, १९ वर्षांचा असताना, बेलव्हिल मॅकफार्लंड्स संघातून कॅनडाकडून जागतिक स्पर्धा खेळला आणि सुवर्णपदक घेऊन आला. म्हणजे दुसरीकडे कुठे जमत नव्हतं म्हणून हा मुलगा कॉलेजात गेला, असं अजिबात नव्हतं.

तरी त्याने मिशिगन निवडलं. प्रशिक्षक अल रेनफ्रू यांच्या हाताखाली तो १९५९-६० ते १९६१-६२ असे तीन हंगाम खेळला. शेवटच्या वर्षी तो कर्णधार होता आणि त्याने ४३ गोल केले. १९६२ मध्ये व्यवसाय प्रशासनाची पदवी घेतली आणि व्यावसायिक हॉकी खेळता खेळता १९६६ मध्ये तिथूनच एमबीए पुरं केलं. पुढच्या अर्ध्या उत्तरांचं मूळ या एका निर्णयात आहे, म्हणून तो लक्षात ठेवा.

५. कॉलेजातून थेट एनएचएलमध्ये गेलेला तो पहिला खेळाडू, हे खरं का?

सगळीकडे असं लिहिलेलं असतं, पण जरा जपून घ्या. डार्टमथ कॉलेजचा मायल्स लेन आणि हार्वर्डचा जॉर्ज ओवेन हे दोघे १९२८-२९ च्या हंगामातच एनएचएलमध्ये खेळले होते. मात्र नंतरच्या कित्येक वर्षांत ती वाट बुजली होती आणि सहा संघांच्या काळात ती पुन्हा मोकळी केली बेरेन्सनने.

ज्या तऱ्हेने केली तिला मात्र तोड नाही. मार्च १९६२ मध्ये न्यूयॉर्क राज्यातल्या युटिका इथे राष्ट्रीय स्पर्धेची अंतिम फेरी होती. मिशिगन उपांत्य सामन्यात क्लार्कसनकडून ५-४ ने हरलं, मग सेंट लॉरेन्सला हरवून तिसरं आलं. तो सामना संपवून बेरेन्सन बॉस्टनला गेला आणि दुसऱ्या रात्री माँट्रियलचा गणवेश घालून तिथल्या ब्रुइन्स संघाविरुद्ध बर्फावर उतरला. शनिवारी विद्यार्थी, रविवारी व्यावसायिक.

६. सहा गोलांची गोष्ट सगळे सांगतात. नेमकं काय घडलं?

७ नोव्हेंबर १९६८, फिलाडेल्फियाचं स्पेक्ट्रम स्टेडियम, सेंट लुईस ब्लूज विरुद्ध तिथलाच फ्लायर्स संघ. निकाल ८-० आणि त्या आठांपैकी सहा गोल एकट्या बेरेन्सनचे. पहिला पिरियड संपत आला तेव्हा १६:४२ वर पहिला. दुसऱ्या पिरियडमध्ये घड्याळ बघा: १०:२६, १४:४२, १५:१४, १९:३५. सव्वानऊ मिनिटांच्या आत चार. त्यातला दुसरा आणि तिसरा यांच्यात ३२ सेकंदांचं अंतर. तेवढ्या वेळात मैदानाच्या मध्यावर पुन्हा पक टाकून खेळ सुरू होतो न होतो. सहावा तिसऱ्या पिरियडमध्ये, १४:०४ वर.

एका सामन्यात सात गोलांचा विक्रम जो मलोनचा, तो १९२० सालचा. परक्या मैदानावर सहा गोल करणारा मात्र आजवर बेरेन्सन एकटाच. १९७६ मध्ये डॅरिल सिटलरने सहा केले, पण ते घरच्या बर्फावर, टोरंटोत. ब्लूजच्या मालकांनी बेरेन्सनला बक्षीस म्हणून स्टेशन वॅगन गाडी दिली आणि तिच्या टपावर एक होडी बांधून दिली, कारण याला नदी-जंगलांचं वेड.

७. खेळाडू म्हणून एकूण कारकीर्द कशी होती? मोठा तारा होता का?

९८७ सामने, २६१ गोल, ३९७ असिस्ट (म्हणजे दुसऱ्याच्या गोलला दिलेले पास). माँट्रियल, न्यूयॉर्क रेंजर्स, सेंट लुईस, डेट्रॉईट आणि परत सेंट लुईस. माँट्रियलमध्ये असताना १९६५ चा स्टॅन्ली कप, म्हणजे एनएचएलचा अजिंक्यपदाचा करंडक, मिळाला, पण तिथे तो कायम बाकावरचा, मोक्याच्या वेळी न खेळवला जाणारा. रेंजर्समध्येही तीच गत. १९६७ मध्ये लीग सहावरून बारा संघांची झाली. त्या नोव्हेंबरात रेंजर्सनी त्याला बार्कली प्लेगरसोबत सेंट लुईसला पाठवलं आणि तिथे तो एकदम फुलला. नव्या फळीतल्या संघांचा पहिला खरा तारा तोच. ब्लूज पहिल्या तिन्ही वर्षी स्टॅन्ली कपच्या अंतिम फेरीत गेले आणि तिन्ही वेळा एकही सामना न जिंकता हरले.

१९७२ च्या कॅनडा-सोव्हिएत मालिकेतही तो कॅनडाच्या चमूत होता, आठपैकी दोन सामने खेळला. १९७८ मध्ये सेंट लुईसमध्येच खेळणं थांबवलं.

माझं मत विचाराल तर, बाकावर घालवलेली ती सुरुवातीची वर्षं पुढे प्रशिक्षक म्हणून फार उपयोगी पडली. ज्याला कुणी खेळवत नाही त्या मुलाच्या मनात काय चालतं, हे त्यांनी स्वतः भोगलेलं होतं.

८. एनएचएलचा प्रशिक्षक असलेला माणूस कॉलेजात परत कसा आला? ही पायउतार नव्हे का?

बाहेरून तशीच दिसते. डिसेंबर १९७९ मध्ये त्यांनी ब्लूजची सूत्रं घेतली, तीही जुना सोबती बार्कली प्लेगर याच्याकडून. १९८०-८१ मध्ये ब्लूजनी ४५ सामने जिंकून १०७ गुण मिळवले आणि बेरेन्सनना जॅक अ‍ॅडम्स पुरस्कार, म्हणजे एनएचएलच्या सर्वोत्तम प्रशिक्षकाचा मान मिळाला. वर्षभरातच, मार्च १९८२ मध्ये, त्यांना काढण्यात आलं. व्यावसायिक हॉकीत हे असंच चालतं. मग दोन हंगाम बफेलोमध्ये स्कॉटी बोमन यांचे सहायक.

मिशिगनचे क्रीडा संचालक डॉन कॅनम यांनी आधीही विचारलं होतं, तेव्हा नकार आला होता. १९८४ मध्ये होकार आला. पगार, प्रसिद्धी, प्रवासाचा थाट या हिशोबाने ही पायउतार होतीच. पण एमबीए झालेला, आधी एकदा जगाच्या विरुद्ध जाऊन हेच विद्यापीठ निवडलेला हा माणूस (प्रश्न ४). त्याला ती घरवापसी वाटली असेल तर मला नवल वाटत नाही.

९. कॉलेजच्या हॉकी प्रशिक्षकाला नेमकं करावं काय लागतं? एनएचएलपेक्षा वेगळं काय?

एनएचएलच्या प्रशिक्षकाला तयार खेळाडू मिळतात, ते मॅनेजर आणून देतो. कॉलेजात प्रशिक्षकच घरोघरी जातो. सोळा-सतरा वर्षांच्या मुलाच्या स्वयंपाकघरात बसून त्याच्या आईला पटवावं लागतं की तुमचा मुलगा आमच्याकडे द्या. याला रिक्रूटिंग म्हणतात आणि अर्ध्याहून जास्त काम हेच. बरं, चार वर्षांत मुलगा निघून जाणार. म्हणजे दरवर्षी संघाचा पाव भाग नवा.

एनएचएलचा हंगाम ऐंशीहून जास्त सामन्यांचा. कॉलेजचे सामने चाळीसच्या आसपास, बहुतेक शुक्रवार-शनिवारी, आणि सोमवार ते गुरुवार वर्ग, लॅब, सराव. मारामारी केली तर खेळाडू त्या सामन्यातून तर जातोच, शिवाय पुढच्या सामन्यालाही मुकतो. चेहऱ्यावर पूर्ण जाळी किंवा ढाल लावावीच लागते. मुलांच्या दातांची काळजी असलेल्या आयांनो, हा मुद्दा तुमच्यासाठी.

१०. ते आल्याबरोबर संघ जिंकायला लागला का?

छे. पहिल्या हंगामात १३ विजय, २६ पराभव, एक बरोबरी. पहिले तिन्ही हंगाम तोट्याचे गेले. ज्या विद्यापीठाकडे तोवर सात राष्ट्रीय अजिंक्यपदं होती, त्यातलं शेवटचं १९६४ चं, तिथे हे चित्र. मिशिगनच्या घरच्या योस्ट रिंकमध्ये बाकडी रिकामी असायची.

मला त्यांच्या कारकिर्दीतला सर्वांत मोलाचा काळ हाच वाटतो. एनएचएलने ज्याला चांगल्या हंगामानंतर वर्षभरात काढलं, त्याला विद्यापीठाने वाईट हंगामांनंतरही ठेवलं. १९८७-८८ मध्ये पहिल्यांदा विजय पराभवांपेक्षा जास्त झाले. १९९१ मध्ये राष्ट्रीय स्पर्धेत प्रवेश मिळाला. म्हणजे रुजायला सात वर्षं लागली. आज कुठल्या क्लबात प्रशिक्षकाला सात वर्षं मिळतात? आपल्याकडच्या क्रीडा संघटनांनी हा एक मुद्दा तरी उचलावा असं मला मनापासून वाटतं.

११. १९९६ चं अजिंक्यपद एवढं खास का मानतात?

कारण ३२ वर्षांची वाट संपली. ३० मार्च १९९६, सिनसिनाटी. समोर कोलोराडो कॉलेज. ६० मिनिटांनंतर २-२. जादा वेळेत ३ मिनिटं ३५ सेकंद झाली असताना ब्रेंडन मॉरिसनने गोल मारला. मॉरिसन म्हणजे मिशिगनच्या इतिहासात सर्वाधिक, २८४ गुण (गोल आणि असिस्ट मिळून) करणारा खेळाडू. पुढच्या वर्षी त्याला होबी बेकर पुरस्कार मिळाला, कॉलेज हॉकीतला सर्वोच्च वैयक्तिक मान. गोलमध्ये मार्टी टर्को होता. त्याने चार वर्षांत १२७ सामने जिंकले, हा राष्ट्रीय विक्रम आहे.

१२. 'द मिशिगन' नावाचा तो गोल बेरेन्सन यांनी शिकवला होता का?

नाही, आणि हा गैरसमज फार पसरला आहे. २४ मार्च १९९६ ला, अजिंक्यपदाच्या आठवडाभर आधी, मिनेसोटाविरुद्ध मिशिगन २-१ ने मागे होतं. माइक लेग पक घेऊन गोलच्या जाळीमागे गेला आणि तिथे थांबला. गोलकीपर स्टीव्ह डीबस खांबाला चिकटून खालची फट बुजवून बसला होता, कारण जाळीमागून धोका जमिनीलगतच येणार हे सगळ्यांना पाठ. लेगने स्टिकचं पातं पकवर आडवं टेकवलं, मनगट वळवलं आणि उलथन्यावर पोळी घ्यावी तसा पक उचलून घेतला. पक पात्यावर चिकटल्यासारखा राहिला. मग जाळीच्या कोपऱ्यावरून वळसा घालून त्याने तो डीबसच्या खांद्यावरून वरच्या कोपऱ्यात ठेवला. ठेवला म्हणतो, कारण मारलेला नव्हताच तो. मिशिगन ४-३ ने जिंकलं.

ही क्लृप्ती लेग बिल आर्मस्ट्राँग नावाच्या व्यावसायिक खेळाडूकडून शिकला होता. बेरेन्सन यांचं श्रेय वेगळं आहे: शिस्तीचे म्हणून ओळखले जाणारे हे प्रशिक्षक, पण हरत असताना, हंगाम पणाला लागलेला असताना, असलं काही करून बघायची हिंमत त्यांच्या संघातल्या मुलाला झाली. एनएचएलमध्ये असा गोल व्हायला २०१९ उजाडलं. आंद्रेई स्वेच्निकोव्हने तो केला. जगभर या चालीला 'द मिशिगन' म्हणतात.

१३. हा गोल नियमात बसतो का? स्टिक उंच गेली ना?

बसतो. पक आडव्या दांडीच्या, म्हणजे चार फुटांच्या वर गेलेल्या स्टिकने आत ढकलला तर गोल बाद. लेगची स्टिक त्या उंचीच्या खालीच होती.

१४. १९९८ चं पद जास्त अवघड होतं असं काही जण म्हणतात. ते कसं?

मीही त्यांच्यातलाच. १९९६-९७ चा संघ बहुतेकांच्या मते बेरेन्सन यांचा सर्वांत बलवान संघ. ३५ विजय, फक्त ४ पराभव. त्यातला एक उपांत्य फेरीत बॉस्टन युनिव्हर्सिटीकडून, ३-२. सगळं संपलं. मॉरिसनसह मोठी फळी पदवी घेऊन गेली. पुढच्या वर्षी टर्को आणि पुष्कळसे नवखे, एवढंच उरलं होतं. तो संघ ४ एप्रिल १९९८ ला बॉस्टनमध्ये बॉस्टन कॉलेजविरुद्ध, त्यांच्याच गावात, त्यांच्याच हजारो पाठीराख्यांसमोर अंतिम सामना खेळला. पुन्हा २-२, पुन्हा जादा वेळ. या वेळी १७ मिनिटं ५१ सेकंद लागली. गोल जॉश लँगफेल्डचा, पहिल्याच वर्षाच्या मुलाचा.

यानंतर तिसरं पद मिळालं नाही. सर्वांत जवळ गेले २०११ मध्ये: सेंट पॉलला मिनेसोटा-डुलुथविरुद्ध अंतिम सामना, जादा वेळ, २-३. त्या वेळी बेरेन्सन ७१ वर्षांचे होते.

१५. सलग २२ वर्षांचा विक्रम कसला?

१९९१ ते २०१२ अशी सलग २२ वर्षं मिशिगन राष्ट्रीय स्पर्धेसाठी पात्र ठरलं. कॉलेज हॉकीत इतकी लांब मालिका दुसऱ्या कोणाची नाही. खेळाडू दर चार वर्षांनी पूर्ण बदलतात (प्रश्न ९), तेव्हा याचा अर्थ पाच-सहा पिढ्या एकामागून एक तयार केल्या.

२०१० मध्ये ही मालिका जवळजवळ तुटलीच होती. संघ आपल्या विभागात, सीसीएचएमध्ये, सातवा आला. आता विभागीय करंडक जिंकला तरच प्रवेश, दुसरा रस्ता नाही. सातव्या क्रमांकावरून त्यांनी तो जिंकला. २०१३ मध्ये पुन्हा तीच वेळ आली, पुन्हा अंतिम फेरीपर्यंत धडक मारली, पण नोत्र दामने ३-१ ने हरवलं आणि मालिका संपली.

१६. ते मुलांना पदवी पूर्ण करायला लावत, हे खरं की नुसती ख्याती?

खरं. आईवडिलांना ते पहिल्याच भेटीत पदवीबद्दल सांगत आणि त्यांच्या तोंडी ते शोभतही असे. 'मी खेळलो, जिंकलो, आणि शिकलोही' हे स्वतःच्या नावावर ९८७ सामने असलेला माणूस सांगतो तेव्हा वजन वेगळं पडतं. मॉरिसन, टर्को, केव्हिन पोर्टर (२००८ चा होबी बेकर विजेता), स्वीडनहून आलेला कार्ल हेगलिन, झॅक हायमन हे सगळे चार वर्षं पूर्ण करून एनएचएलमध्ये गेले. ल्यूक ग्लेंडनिंगला तर सुरुवातीला शिष्यवृत्तीही नव्हती. त्याला कर्णधार केलं आणि तोही पुढे एनएचएलमध्ये दीर्घकाळ टिकला.

इथल्या मराठी घरांत 'दहावी-बारावीला खेळ बंद' ही जुनी सवय अजून जात नाही. एका ताईंनी मला विचारलं होतं की पोराला सरावाला पाठवू की एसएटीच्या (कॉलेज प्रवेश परीक्षेच्या) क्लासला. मी त्यांना ग्लेंडनिंगबद्दल सांगितलं. मुलगा दोन्हीकडे जातो.

१७. पण कितीतरी खेळाडू एका वर्षातच सोडून गेले. मग?

गेले. मॅक्स पॅचोरेटी, जेकब ट्रूबा, डिलन लार्किन, काइल कॉनर हे एकेका हंगामानंतर, झॅक वेरेन्स्की दोन वर्षांनी. बेरेन्सन यांना हे आवडत नसे आणि ते लपवतही नसत. पण थांबवायचा अधिकार प्रशिक्षकाला नाही. एनएचएल क्लबने कराराचा कागद पुढे केला आणि १९ वर्षांच्या मुलाने सही केली की कॉलेजचं खेळणं संपलं. शेवटच्या काही वर्षांत निकाल वरखाली का झाले, याचं एक मोठं कारण हेच.

१८. ड्राफ्टमध्ये नाव आलं म्हणजे कॉलेज सुटलं, असं आहे का?

नाही. हॉकीत ड्राफ्ट झालं, म्हणजे एनएचएल क्लबने निवडून ठेवलं, याचा अर्थ एवढंच की त्या मुलावर त्या क्लबचा पहिला हक्क. तो खुशाल कॉलेजात खेळत राहू शकतो, क्लब वाट बघतो. करारावर सही करणं ही वेगळी पायरी (प्रश्न १७). नातेवाइकांना पेढे वाटण्याआधी दोन्हींतला फरक समजून घ्या.

१९. बेरेन्सन ज्या वाटेने गेले त्या वाटेने आज कॅनडातला मुलगा जाऊ शकतो का?

गंमत अशी की मधली काही दशकं गेला नसता. कॅनडाच्या मोठ्या ज्युनियर लीगमध्ये (रिजायना पॅट्स आज तिथेच खेळतात) मुलांना भत्ता मिळतो आणि काहींचे एनएचएल करार झालेले असतात, म्हणून एनसीएए, अमेरिकेतल्या कॉलेज खेळांची नियामक संस्था, त्या सगळ्यांना व्यावसायिक मानत असे. तिथे खेळलात की अमेरिकन कॉलेज बंद. पंधरा-सोळाव्या वर्षी मुलाला कायमचा एकच रस्ता निवडावा लागे. नोव्हेंबर २०२४ मध्ये हा नियम बदलला आणि २०२५-२६ च्या हंगामापासून अशा खेळाडूंना कॉलेजची दारं उघडली. कॅनडातल्या मराठी पालकांनो, तुमच्या ओळखीतला कुणी 'ज्युनियर खेळलास तर कॉलेज विसर' असं सांगत असेल, तर ती माहिती जुनी झाली.

२०. सर्वाधिक विजय त्यांचेच ना?

नाही. निवृत्तीच्या वेळी ८४८ विजय, ४२६ पराभव, ९२ बरोबरी अशी नोंद होती आणि विजयांत क्रमांक चौथा. त्यांच्या वर जेरी यॉर्क, रॉन मेसन आणि जॅक पार्कर हे प्रशिक्षक. यॉर्क आणि मेसन यांचे विजय मात्र प्रत्येकी तीन विद्यापीठांत मिळून आहेत. बेरेन्सन यांचे सगळे एकाच ठिकाणचे.

२१. खुल्या स्टेडियममधल्या सामन्याला नक्की किती प्रेक्षक होते? दोन वेगळे आकडे दिसतात.

११ डिसेंबर २०१० रोजी फुटबॉलच्या मिशिगन स्टेडियममध्ये बर्फ तयार करून मिशिगन स्टेटविरुद्ध सामना झाला, मिशिगन ५-० ने जिंकलं. तिथे जाहीर केलेला आकडा ११३,४११. गिनेसने मोजून मान्य केलेला आकडा १०४,१७३. लिहिताना दुसरा वापरा. बेरेन्सन यांच्या पहिल्या हंगामातली रिकामी बाकडी (प्रश्न १०) आठवली की या दोन आकड्यांमधला फरक मला फारसा महत्त्वाचा वाटत नाही.

२२. जन्माने कॅनडाचे, मग अमेरिकेच्या हॉकी हॉल ऑफ फेममध्ये कसे?

तिथे अमेरिकन हॉकीसाठी केलेलं काम बघतात. २०१८ मध्ये त्यांचा समावेश झाला. त्याआधी २००६ मध्ये लेस्टर पॅट्रिक करंडक मिळाला होता, तोही अमेरिकेतल्या हॉकीच्या सेवेसाठीच. २००८ मध्ये स्पेन्सर पेनरोज, म्हणजे कॉलेजमधला वर्षातला सर्वोत्तम प्रशिक्षक. जॅक अ‍ॅडम्स (प्रश्न ८) धरला तर व्यावसायिक आणि कॉलेज दोन्हीकडचा सर्वोच्च प्रशिक्षक-मान त्यांच्याकडे आहे.

२३. निवृत्त कधी झाले? आता संघ कोणाकडे आहे?

एप्रिल २०१७ मध्ये, ७७ व्या वर्षी. शेवटच्या हंगामात १३ विजय होते, पहिल्या हंगामाइतकेच. त्यांच्यानंतर त्यांचे दीर्घकाळचे सहायक मेल पिअरसन आले आणि २०२२ पासून ब्रँडन नॉराटो. नॉराटो २००५ ते २००९ या काळात बेरेन्सन यांच्याच हाताखाली खेळला होता.

२४. भारतातून आईबाबा येणार आहेत, त्यांना योस्टला सामना दाखवायचा आहे. काय सांगाल?

जरूर दाखवा. योस्ट ही १९२३ ची लाल विटांची इमारत, १९७३ मध्ये तिची रिंक झाली. जेमतेम ५,८०० माणसं मावतात, त्यामुळे आवाज छतावर आदळून परत अंगावर येतो. तिकीट आधी काढा, मिशिगन स्टेटविरुद्धचा सामना असेल तर फारच आधी.

आत थंडी असते. स्वेटर, कानटोपी, पायात जाड मोजे, आणि आजींसाठी बसायला घडी घातलेली शाल, कारण बाकडं गार लागतं. विद्यार्थ्यांच्या कोपऱ्याजवळ जागा घेऊ नका. विरुद्ध संघाचा खेळाडू पेनल्टी बॉक्सकडे (शिक्षा झालेल्याला बसवतात तिथे) निघाला की तिथून जे ओरडतात त्याचं भाषांतर आईवडिलांना करून सांगता येणार नाही.

काचेजवळची जागा मिळाली तर आधी कान देऊन ऐका. टीव्हीवर हे ऐकू येत नाही: स्केट वळताना बर्फ खरवडल्याचा कर्रर आवाज, पक भिंतीवर आपटल्याचा ठण्ण, आणि खेळाडू एकमेकांना सतत देत असलेले इशारे. माझे सासरे पहिल्यांदा आले तेव्हा पहिला पिरियडभर त्यांना पक दिसलाच नाही. मी त्यांना म्हटलं, पक शोधू नका, खेळाडूंचे खांदे कुठे वळतात ते बघा. दुसऱ्या पिरियडपासून ते माझ्याआधी उभे राहायला लागले.